उघड्या काँक्रीटची इमारत उदास का वाटते, आणि ती रंगवावी का?

आपला प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे पुढचे उत्तर कशाला आहे ते इतर वाचकांनाही कळेल. आपल्या शिक्षणसंस्थेची मुख्य इमारत १९७० च्या दशकात उघड्या, गिलावा न केलेल्या काँक्रीटमध्ये बांधली गेली. दर पावसाळ्यानंतर तिच्यावर काळे ओघळ उमटतात, विद्यार्थी तिला तुरुंग म्हणतात, आणि विश्वस्त मंडळ ती गिलावा करून रंगवावी किंवा अ‍ॅल्युमिनियम कॉम्पोझिट पॅनेलने झाकावी, या विचारात आहे. काही माजी विद्यार्थ्यांचे म्हणणे मात्र असे की, ही ब्रुटलिस्ट, म्हणजे काँक्रीट उघडेच ठेवणाऱ्या शैलीतील मोलाची वास्तू असल्याने तिला हात लावू नये. आपण विचारले आहे की, ही इमारत सुंदर न वाटणे हा आपल्या अभिरुचीचा दोष आहे का, आणि ती रंगवली तर नेमके काय बिघडेल.

अभिरुचीचा दोष मुळीच नाही. जी माणसे रोज आठ तास एखाद्या इमारतीत वावरतात, त्यांना ती जड वाटत असेल, तर ती तक्रार शैलीचे नाव सांगून परतवता येत नाही. परंतु जुन्या काँक्रीट इमारतींच्या दुरुस्तीचे काम करताना मला सातत्याने असे दिसले आहे की, लोक ‘कुरूप’ हा एकच शब्द अगदी वेगवेगळ्या त्रासांसाठी वापरतात. भिंतीवरचे ओघळ हा एक त्रास, आत घुमणारा आवाज हा दुसरा, न सापडणारे किंवा अंधारे प्रवेशद्वार हा तिसरा, आणि वर्षानुवर्षांचे दुर्लक्ष हा या सगळ्यांच्या मुळाशी असलेला चौथा. रंग यांपैकी फक्त पहिला त्रास झाकतो, आणि तोही काही काळच. म्हणून ‘रंगवावी की नाही’ या प्रश्नाच्या आधी ‘आपल्या लोकांना नेमके काय खुपते आहे’ हा प्रश्न सोडवावा, असे माझे ठाम मत आहे.

मी आपली इमारत पाहिलेली नाही, त्यामुळे पुढचे बरेच काही परिस्थितीवर अवलंबून आहे. समुद्र किती जवळ आहे, पाऊस किती पडतो, साच्यासाठी लाकडी फळ्या वापरल्या होत्या की लोखंडी पत्रे, पूर्वी कोणी सिमेंटचे ठिगळ लावले आहे का, या प्रत्येक गोष्टीने उत्तर बदलते. स्लॅबचे पोपडे पडत असतील किंवा सळया उघड्या पडल्या असतील, तर सौंदर्याची चर्चा बाजूला ठेवून आधी स्ट्रक्चरल ऑडिट करून घ्यावे.

आता माजी विद्यार्थ्यांना जे दिसते, ते काय आहे? दुसऱ्या महायुद्धानंतर युरोपात पोलाद दुर्मीळ होते, घरांची मोठी गरज होती, आणि सार्वजनिक इमारतींनी श्रीमंती मिरवू नये, असा एक विचार बळावला होता. वास्तुविशारद ल कॉर्बुझिए यांनी फ्रान्समधील मार्सेय येथे १९५२ मध्ये पूर्ण केलेल्या ‘युनिते’ या निवासी इमारतीत ओबडधोबड काँक्रीट जसे साच्यातून निघाले तसेच ठेवले आणि तेच तिचे रूप मानले. पुढची पंचवीस वर्षे विद्यापीठे, ग्रंथालये, नाट्यगृहे, नगरपालिका आणि कामगारांची घरे याच रीतीने जगभर उभी राहिली. नव्या भारतातही ही रीत रुजली, कारण पोलाद महाग होते, सुतार, गवंडी आणि मजूर उपलब्ध होते, आणि नव्या संस्थांना वसाहतकालीन कमानी नको होत्या. ल कॉर्बुझिए यांनीच रचलेली चंडीगडचे उच्च न्यायालय, सचिवालय आणि विधानसभा ही या काळाची सर्वांत ठळक खूण आहे, आणि २०१६ पासून हा परिसर युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. आपल्या मुलुखाशी याचा थेट धागाही आहे: कोकणातील आचरा येथे जन्मलेले, जे.जे. मध्ये शिकून पुढे हार्वर्डला गेलेले वास्तुविशारद अच्युत कानविंदे यांनी आयआयटी कानपूरचा परिसर उघडी काँक्रीट चौकट आणि वीट यांतून रचला, आणि मेहसाण्याच्या दूधसागर डेअरीत हवा खेळवणारे उंच धुरांडेवजा स्तंभ हेच इमारतीचे मुख्य रूप बनवले.

या इमारतींचा मनावर होणारा परिणाम वजन, सावली आणि साच्याचा ठसा या तिन्हींतून घडतो. वजन सर्वांना लगेच जाणवते आणि तेच आधी खुपते. सावलीला मात्र ऊन लागते. चंडीगडच्या उच्च न्यायालयाच्या प्रवेशमंडपात उभे राहिल्यावर जो भव्यतेचा अनुभव येतो, त्यातला मोठा वाटा काँक्रीटचा नसून वरच्या प्रचंड छताखाली साठलेल्या गार सावलीचा आहे. लंडनच्या ढगाळ आकाशाखाली त्याच घडणीची इमारत सपाट आणि मलूल दिसू शकते. आपल्याकडे हा फरक एकाच इमारतीवर वर्षातून दोनदा दिसतो. डिसेंबरात तिच्या खोल खिडक्या आणि काँक्रीटचे उभे पडदे रेखीव सावल्या टाकतात. जुलैत ऊन नाहीसे होते, सावल्या पुसल्या जातात, शिवाय ओले काँक्रीट कोरड्यापेक्षा कितीतरी काळपट दिसते. आपल्याकडच्या तक्रारी कोणत्या महिन्यांत येतात, ते जरूर तपासून पाहावे.

साच्याचा ठसा हा सर्वांत दुर्लक्षित भाग आहे, आणि मला स्वतःला तोच सर्वाधिक प्रिय आहे. शटरिंगला फळ्या वापरल्या असतील, तर प्रत्येक फळीची रुंदी, तिच्या रेषा, गाठी, दोन फळ्यांच्या फटीतून आलेली सिमेंटची बारीक कड आणि साचा आवळणाऱ्या बोल्टांची भोके भिंतीवर कायमची उमटतात. माणसाच्या हाताच्या पंज्याएवढ्या रुंदीची ही पट्टी तीस फुटी भिंतीलाही माणसाचे माप देते. डेनिस लॅस्डन यांचे लंडनचे नॅशनल थिएटर १९७६ मध्ये खुले झाले, तेथे नाटकाच्या मध्यंतरात लोक नकळत भिंतींवरून हात फिरवतात, ते याच पोतामुळे. बार्बिकन या लंडनच्याच वसाहतीत ओतलेले काँक्रीट वाळल्यावर कारागिरांनी हत्याराने हाताने टोचून आतली खडी उघडी केली. पॉल रुडॉल्फ यांनी येल विद्यापीठाच्या १९६३ च्या इमारतीत उभ्या पन्हाळ्यांसारख्या कडा ओतून त्या हातोडीने फोडून घेतल्या. हे सगळे अतिशय कष्टाचे काम होते. काँक्रीट म्हणजे घाईचे, स्वस्तातले बांधकाम, ही समजूत या इमारतींना लागू पडत नाही. आपल्या इमारतीवर फळ्यांचा ठसा असेल, तर तो सेंट्रिंगच्या सुतारांनी पन्नास वर्षांपूर्वी केलेल्या कामाची एकमेव शिल्लक प्रत आहे. गिलाव्याखाली गेली की ती परत मिळणार नाही.

मराठी डोळ्याला राखाडी, न रंगवलेले, जड वस्तुमान परके आहे, हे मला पटत नाही. वेरूळचे कैलास लेणे, हेमाडपंती देवळे, दौलताबादचा किल्ला हे सगळे आज तसेच दिसतात आणि आपल्याला त्यांचा अभिमान आहे. मग काँक्रीटचाच राग का? याचे बरेचसे उत्तर पाण्यात आहे. जुन्या देवळांच्या बांधणीत पुढे आलेले छज्जे आणि एकावर एक थर पावसाचे पाणी वारंवार तोडतात, ते भिंतीवरून लांबवर वाहू देत नाहीत. आणि बेसाल्ट मुळातच काळा असल्याने डाग दिसत नाही. काँक्रीटच्या फिकट, सपाट भिंतीवर मात्र पाण्याची प्रत्येक चूक लिहिली जाते. कठड्याच्या माथ्यावर उन्हाळाभर धूळ साठते, पहिल्या पावसात ती ठरावीक वाटांनी खाली वाहते, त्या वाटा ओल्या राहतात म्हणून तेथे शेवाळ धरते, आणि ते वाळले की काळे ओघळ दिसतात. खिडकीच्या दोन्ही कोपऱ्यांखाली अश्रूंसारखे डाग दिसतात, ते सिलच्या, म्हणजे खिडकीखालच्या पट्टीच्या टोकांवरून पाणी भिंतीवर उतरते म्हणून. मनुष्य ही खूण लगेच वाचतो आणि त्याचे मन ‘ओल, गळती, पडझड’ असा अर्थ लावते, जरी आतले काँक्रीट ठणठणीत असले तरी. उदासपणाचा मोठा हिस्सा येथे जन्मतो.

याचा उपाय भिंतीवर करायचा नसून भिंतीच्या माथ्यावर करायचा आहे. कठड्यावर आतल्या बाजूला उतार असलेले, बाहेर चार-पाच सेंटिमीटर पुढे आलेले दगडाचे किंवा धातूचे कोपिंग, म्हणजे माथा झाकणारी पट्टी, बसवावी आणि त्याच्या खालच्या कडेला पाणी तोडणारी खाच, म्हणजे ड्रिप मोल्ड, ठेवावी. मूळ छज्जांना अशी खाच बहुधा असतेच, परंतु मधल्या काळातील दुरुस्त्यांत गवंड्यांनी ती सिमेंटने भरून टाकलेली असते. ती पुन्हा मोकळी करावी. पन्हळी तुंबल्या असतील तर साफ कराव्या, आखूड असतील तर लांबवाव्या. त्यानंतरच भिंत कमी दाबाच्या पाण्याने आणि शेवाळनाशक वापरून धुवावी. अ‍ॅसिड, तारेचा ब्रश आणि सँडब्लास्टिंग यांना ठाम नकार द्यावा, कारण त्यांनी सिमेंटचा वरचा बारीक थर आणि त्याबरोबर फळ्यांचा ठसा निघून जातो. भिंत पूर्ण वाळल्यावर सिलेन-सिलॉक्सेन प्रकारचे रंगहीन द्रव्य मुरवता येते. ते पाणी आत घेत नाही, पण आतली वाफ बाहेर जाऊ देते, आणि चकाकी आणत नाही. काही वर्षांनी ते पुन्हा लावावे लागते, हे अंदाजपत्रकात आधीच लिहून ठेवावे.

दुसरे मोठे कारण आवाज आहे, आणि त्याविषयी फार कमी बोलले जाते. विद्यार्थी ‘तुरुंग’ म्हणतात तेव्हा ते पुष्कळदा कानांनी बोलत असतात. उघडे काँक्रीट त्याच्यावर पडणारा जवळजवळ सगळा आवाज परत फेकते. लांब व्हरांडा, दोन्ही बाजूंना कठीण भिंती, खाली कोटा किंवा टेराझोची फरशी, वर उघडा स्लॅब, आणि शंभर मुलांची मधली सुट्टी, एवढे पुरेसे आहे. दार आपटल्याचा आवाज बराच वेळ घुमत राहतो, शिक्षक आवाज चढवतात, आणि दिवस संपेपर्यंत डोके जड होते. हा दोष मूळ रचनाकारांना माहीत नव्हता असे नाही. चंडीगडच्या न्यायालयातील दालनांसाठी ल कॉर्बुझिए यांनी स्वतः भव्य भित्तिपट आखले, ते काश्मिरी विणकरांनी विणले, आणि त्यांचे एक मुख्य काम आवाज शोषणे हे होते. आपल्याकडे स्लॅब वॅफल प्रकारचा असेल, तर त्याच्या चौकोनी खळग्यांत वूड-वूलचे, म्हणजे लाकडाच्या बारीक तंतूंचे, फलक बसवावेत. बीमचे काँक्रीट दिसत राहते आणि घुमणे स्पष्टपणे कमी होते. भिंतींवर सूचनाफलकांऐवजी जाड कापड किंवा फेल्ट लावलेले पटल टांगले, तरी फरक पडतो. याच जोडीने दिव्यांकडे पाहावे. पांढऱ्याफटक ट्यूबलाइटच्या प्रकाशात राखाडी रंग निळसर, आजारी दिसतो; ३००० केल्व्हिनच्या आसपासचे उबदार दिवे भिंतीवर तिरके टाकले, तर तीच भिंत मऊ दिसते आणि फळ्यांच्या रेषा उठून येतात. बोस्टनच्या सिटी हॉलला २०१६ मध्ये नवी बाह्य प्रकाशयोजना दिली गेली, ती अशाच विचाराने.

बोस्टनचे उदाहरण दुसऱ्या कारणासाठीही महत्त्वाचे आहे. १९६० च्या दशकातील ही इमारत जगातील कुरूप इमारतींच्या याद्यांत नेहमी येते. परंतु लोकांचा बराचसा राग तिच्याभोवतीच्या विटांच्या प्रचंड, झाडे नसलेल्या, वाऱ्याच्या पटांगणावर आणि सहज न सापडणाऱ्या प्रवेशावर होता. २०२२ मध्ये पटांगणाची फेररचना झाली, झाडे, बसायच्या जागा आणि चढउतारासाठी सोयीचे मार्ग आले; इमारतीचे काँक्रीट तेच राहिले. आपल्या संस्थेच्या दारापर्यंत विद्यार्थी कसा पोहोचतो, पावसात त्याला छत्री कोठे मिटता येते, आत शिरताच समोर काय दिसते, हे एकदा स्वतः चालून पाहावे. येथे माजी विद्यार्थ्यांशी माझे थोडे मतभेद आहेत. या काळातील काही वास्तुविशारदांनी प्रवेश, बसण्याच्या जागा आणि माणसाचे माप यांकडे खरोखर कमी लक्ष दिले, आणि ते दोष शैलीच्या आदरापोटी जपण्याचे कारण नाही.

रंगाविषयी बोलायचे तर रंग या परंपरेला वर्ज्य नाही. मार्सेयच्या इमारतीत गॅलऱ्यांच्या आतल्या बाजूच्या भिंती गडद लाल, पिवळ्या, निळ्या, हिरव्या रंगवलेल्या आहेत, आणि चंडीगडच्या न्यायालयाच्या प्रवेशावरील तीन महाकाय स्तंभ हिरवा, पिवळा आणि लाल आहेत. तेथे रंग आतल्या, सावलीतल्या, निवडक पृष्ठभागांवर येतो आणि उघडे काँक्रीट त्याला पार्श्वभूमी देते. आपल्या इमारतीत दारे, जिन्याच्या आतल्या भिंती, खिडक्यांच्या खोल बाजू यांवर ठळक रंग अवश्य द्यावा. विद्यार्थ्यांना निवड करू द्यावी.

संपूर्ण बाह्यभाग रंगवण्याला माझा विरोध आहे, आणि त्याची कारणे तांत्रिकही आहेत. साधा प्लास्टिक पेंट ओलावा आत कोंडतो, तीन-चार पावसाळ्यांत फुगतो, सोलपटतो, आणि मग संस्था कायमची रंगकामाच्या चक्रात अडकते. गिलावा चिकटवण्यासाठी भिंत छिन्नीने खरवडावी लागते, म्हणजे ठसा कायमचा जातो. शिवाय २५ मिलिमीटर गिलाव्याने प्रत्येक चौरस मीटरवर सुमारे ५० किलो वजन वाढते. पॅनेलने झाकण्याविषयी तर मी स्पष्टच लिहितो. लंडनचा ग्रेनफेल टॉवर हा १९७४ चा काँक्रीटचा निवासी मनोरा होता. २०१६ मध्ये पूर्ण झालेल्या नूतनीकरणात, उष्णतारोधनाबरोबर रूप सुधारण्याच्याही हेतूने, त्याला पॉलिथिलीनचा गाभा असलेल्या अ‍ॅल्युमिनियम पॅनेलचे आवरण दिले गेले. जून २०१७ मध्ये आग त्या आवरणावरून पसरली आणि ७२ माणसे दगावली. आज न जळणाऱ्या गाभ्याची पॅनेल मिळतात, हे खरे आहे. तरीही आवरणामागे सळई गंजत असेल, तर ते कोणालाही दिसणार नाही, आणि जुन्या काँक्रीटमध्ये हीच खरी भीती असते.

ती भीती थोडी समजून घ्यावी. ताजे काँक्रीट इतके अल्कधर्मी असते की, आतल्या सळईवर संरक्षक थर टिकून राहतो. हवेतील कार्बन डायऑक्साइड हळूहळू आत शिरतो आणि तो अल्कधर्म संपवतो. समुद्राजवळ क्षार त्याला साथ देतात. मग सळई गंजते, गंजाचे आकारमान लोखंडापेक्षा कितीतरी जास्त असते, आणि बाहेरचे काँक्रीट फुटते. आयएस ४५६ या काँक्रीट बांधकामाच्या भारतीय मानकाच्या १९७८ च्या आवृत्तीत स्लॅबसाठी १५ आणि बीमसाठी २५ मिलिमीटर कव्हर, म्हणजे सळईवरचा काँक्रीटचा थर, ही किमान मर्यादा होती; २००० च्या आवृत्तीनुसार तीव्र हवामानात ४५ मिलिमीटर लागते. म्हणून आपल्या इमारतीच्या काळातील बांधकामांत सळईची तपासणी टाळता येत नाही. ताज्या फोडलेल्या जागी फेनॉफ्थलीन हे रसायन फवारले की सुदृढ काँक्रीट गुलाबी होते आणि बिघडलेले रंगहीन राहते. हा रंगहीन पट्टा सळईपर्यंत पोहोचला असेल, किंवा भिंतीवर आधीच वेगवेगळ्या छटांची असंख्य ठिगळे असतील, तर अँटी-कार्बोनेशन, म्हणजे कार्बन डायऑक्साइड रोखणारे, कोटिंग किंवा खनिज सिलिकेट रंगाचा पातळ, अर्धपारदर्शक लेप देणे हाच योग्य मार्ग ठरू शकतो. त्या परिस्थितीत मी स्वतः तसाच सल्ला देईन.

दुर्लक्षाचा परिणाम किती खोल असतो, याचे उदाहरण वास्तुविशारद गोल्डफिंगर यांच्या ट्रेलिक टॉवरइतके स्पष्ट दुसरे मला माहीत नाही. लंडनचा हा मनोरा १९७२ मध्ये पूर्ण झाला आणि काही वर्षांतच गुन्हेगारी व मोडतोडीसाठी कुप्रसिद्ध झाला. १९८० च्या दशकात रहिवाशांची संघटना झाली, प्रवेशावर देखरेखीची व्यवस्था आली, आणि आज तेथील घरांना मोठी मागणी आहे. १९९८ मध्ये त्याला वारसा संरक्षणही मिळाले. काँक्रीट तेच, उंची तीच. त्याच शहरात, १९७२ मध्येच पूर्ण झालेली वास्तुविशारद स्मिथसन दांपत्याची रॉबिन हूड गार्डन्स ही वसाहत मात्र २०१७ पासून पाडण्यात आली.

आपल्यापुरते पुढचे पाऊल असे असावे. मंडळाने अंतिम निर्णय एक पावसाळा पुढे ढकलावा. आपल्याकडे पावसाचा मारा पश्चिम आणि नैर्ऋत्य बाजूने येतो, म्हणून त्या बाजूची, कठड्यापासून जमिनीपर्यंतची एक उभी पट्टी निवडावी. मे अखेरीपूर्वी तिच्यावर कोपिंग, ड्रिप मोल्ड, धुणे आणि रंगहीन लेप एवढेच करावे, आणि शेजारची पट्टी तुलनेसाठी तशीच सोडावी. फुटलेल्या जागा भरायच्या असतील, तर पॉलिमर मॉर्टरमध्ये सिमेंट, वाळू आणि खडी मूळ छटेशी जुळतील असे नमुने आधी वेगळ्या ठोकळ्यांवर करून, वाळल्यावर भिंतीशेजारी ठेवून निवडावेत, आणि ताज्या मॉर्टरवर फळी दाबून रेषा उमटवण्याचे काम मन लावून करणाऱ्या सुताराकडेच द्यावे. याच काळात एका व्हरांड्याच्या छतात वूड-वूल आणि भिंतीवर उबदार दिवे बसवावेत. नोव्हेंबरात त्याच विद्यार्थ्यांना दोन्ही पट्ट्यांसमोर आणि बदललेल्या व न बदललेल्या व्हरांड्यांत उभे करून विचारावे. फेनॉफ्थलीन चाचणीचे निकाल, दोन्ही पट्ट्यांची छायाचित्रे आणि कार्यालयाच्या कपाटात कोठेतरी असतीलच अशी मूळ वास्तुरेखाटने आपण येथे कळवलीत, तर त्यांवरून दुरुस्तीचा क्रम आणि खर्चाची विभागणी याविषयी मी अधिक नेमके लिहू शकेन.